जॉनचाचा म्हणजे आपले चेऊलकर



ऑकलंडला हनुक्का ऐन उन्हाळ्यात येतो. अंधार पडायला रात्रीचे नऊ वाजतात आणि पोरांना तर दिवे लावायची कोण घाई! गेल्या हनुक्काला तेवढा वेळ काढायला म्हणून आम्ही नातवंडांना ‘बूट पॉलिश’ लावून दिला. १९५४चा सिनेमा, काळा-पांढरा. आधी सगळ्यांनी नाकं मुरडली. पण भोला आणि बेलू ही अनाथ भावंडं, त्यांना भीक मागायला लावणारी चाची आणि कष्टाची भाकरी खा म्हणून शिकवणारा जॉनचाचा बघता बघता पोरं गप्प झाली. मग धाकटीनं विचारलं, "आजी, हे टकलू आजोबा कोण?"

आम्ही म्हटलं, "आपल्यातलेच. डेव्हिड अब्राहम चेऊलकर."

पडद्यावर फक्त ‘डेव्हिड’ असंच नाव यायचं, म्हणून तिला ते खरंच वाटेना.

बालमित्रांनो, डेव्हिड १९०९ साली ठाण्यात जन्मले. बी.ए. झाले, तरी मनासारखी नोकरी मिळेना. शेवटी सिनेमाकडे वळले. १९३७च्या ‘झाम्बो’पासून सुरुवात झाली, आणि १९४१च्या ‘नया संसार’मध्ये ते लोकांच्या नजरेत भरले. ठेंगणी मूर्ती, डोक्यावर केस नाहीत, म्हणजे हीरो व्हायचा प्रश्नच नव्हता. ते झाले काका, मामा, डॉक्टर, शेजारी. अशा लहान लहान कामांवर त्यांनी चाळीस वर्षं काढली आणि शंभराहून जास्त सिनेमे केले. जॉनचाचासाठी त्यांना सहाय्यक अभिनेत्याचं फिल्मफेअर मिळालं, १९६९ला पद्मश्री. बोलणं असं गोड, की मोठमोठ्या समारंभांचं सूत्रसंचालन त्यांच्याकडेच असायचं.

वडील मंडळींना हे सांगायला नको. मुंबईत १९७२ला टीव्ही आला, आणि मग रविवारी संध्याकाळी ज्याच्या घरी टीव्ही त्याच्या घरी अख्खी चाळ! डेव्हिड दिसले की आपल्या घरातलं कोणीतरी हमखास ओरडायचं, "ए, आपले डेव्हिड!" हृषीकेश मुखर्जींच्या ‘चुपके चुपके’ (१९७५) आणि ‘गोलमाल’ (१९७९)मध्ये ते नसते तर गंमत अर्धीच राहिली असती. गोलमालमध्ये अमोल पालेकरला नोकरीची युक्ती सांगतात ते डॉक्टरमामा हेच.

त्या काळी सिनेमात नाव बदलायची रीतच होती. बगदादी यहुदी घरांतल्या रूबी मायर्स सुलोचना झाल्या, एस्थर अब्राहम प्रमिला झाल्या, फ्लॉरेन्स इझिकेल नादिरा झाल्या. डेव्हिड मात्र डेव्हिडच राहिले. आपण कोण हे त्यांनी लपवलं नाही. गळलं ते फक्त चेऊलकर. पहिला बोलपट ‘आलम आरा’ (१९३१) लिहिणारे जोसेफ डेव्हिड, त्यांचंही पेणकर असंच मागे पडलं.

आम्हाला रुखरुख लागते ती इथेच. चेऊल म्हणजे अलिबागजवळचं चौल, आणि पेणही त्याच मुलखातलं. शनवार तेली म्हणून आपले पूर्वज ज्या गावांत घाणे चालवायचे, ती गावं आपल्या ‘कर’मध्ये जपलेली आहेत. इथे न्यूझीलंडला आपली मोजकीच घरं. शाळेत बाईंना उच्चार जमत नाही म्हणून आमच्या नातवानं आडनावाचं शेपूट छाटलं. आम्ही रागावलो नाही. डेव्हिडसाहेबांचंही तसंच झालं होतं ना! पण त्यांना ओळखणारी अख्खी मुंबई होती. आपल्या पोरांना इथे कोण ओळखणार?

म्हातारपणी डेव्हिड कॅनडाला नातलगांकडे गेले आणि १९८०च्या दशकाच्या सुरुवातीला टोरांटोतच वारले. म्हणजे शेवटी तेही आपल्यासारखे परदेशीच.

तेव्हा मुलांनो, या शब्बाथला घरी एक विचारा: आपल्या ‘कर’च्या आधीचं गाव कोणतं? ते वहीवर पूर्ण लिहून ठेवा. आमच्या धाकटीनं लिहिलंय, आणि त्याच्याखाली जॉनचाचाचं चित्रही काढलंय. टक्कल अगदी हुबेहूब जमलंय.