पडद्यावरील पहिली पार्वती

दादासाहेब फाळके यांनीं १९१३ सालीं ‘राजा हरिश्चंद्र’ हा मूकपट काढला, तेव्हां तारामतीचें काम करावयास एकही स्त्री मिळेना. घरंदाज स्त्रियांची गोष्टच नको. गणिकांनींही नकार दिला. अखेरीस उपाहारगृहांत काम करणाऱ्या साळुंके नामक तरुणास लुगडें नेसवावें लागलें.

त्यानंतरच्या ‘मोहिनी भस्मासुर’ या चित्रपटांत मात्र दोन स्त्रिया कॅमेऱ्यापुढें उभ्या राहिल्या. पार्वती झाल्या दुर्गाबाई कामत आणि मोहिनी झाली त्यांची अल्पवयी कन्या कमला. पतीपासून विभक्त झालेल्या दुर्गाबाईंनीं मुलीसह फिरत्या नाटकमंडळीचा आश्रय घेतला होता. रंगभूमीवरही स्त्रीभूमिका बहुधा पुरुषच करीत, असा तो काळ होता. त्या काळीं असें पाऊल टाकणें म्हणजे लोकनिंदा पदरीं घेणेंच होतें.

कमलाबाई गोखले या नांवानें कन्येनें पुढें रंगभूमि व रुपेरी पडदा दोन्ही गाजविलीं. पुत्र चंद्रकांत व नातू विक्रम यांनीं तो वारसा चालविला. मातेचें नांव मात्र त्या एका चित्रपटापुरतेंच स्मरणांत उरलें. पुढील अभिनेत्रींना जो मान लाभला, त्याची पहिली किंमत या माउलीनें मोजली होती, हें विसरतां कामा नये.