गेम लाँचर बिघडला, म्हणून पीसी फॉरमॅट करायचा?

ग्रँट रोड स्टेशनला पूर्वेकडे उतरून लॅमिंग्टन रोडवरच्या एखाद्या दुकानात शनिवारी दुपारी नुसतं उभं राहा. ‘गेम सुरूच होत नाही’ अशी तक्रार घेऊन कुणीतरी येतंच आणि शेजारी उभा असलेला कुणीतरी न विचारता सल्ला देतोच: ‘एकदा फॉरमॅट मारून बघ ना.’ गिरगावपासून लालबाग-परळपर्यंत घरोघरी जे असेंबल्ड पीसी आहेत, त्यांतले बरेचसे याच रस्त्यावरून सुट्या भागांत घेतलेले. त्यांच्या दुखण्यांवरची घरगुती औषधंही इथूनच पसरतात. काही औषधं खरोखर लागू पडतात. पण स्टीम, एपिक, रायट, ईए किंवा युबिसॉफ्टचा लाँचर अडला तर बहुतेक औषधं रोगापेक्षा मोठी ठरतात.

मुळात लाँचर म्हणजे गेम नव्हे. गिरणीच्या गेटवरचा टाइमकीपर हजेरी घ्यायचा, माग चालवायचा नाही. लाँचरचं काम तसंच. तुम्ही कोण, तुमच्या खात्यात काय काय आहे, फाइली पूर्ण उतरल्यात का, नवं अपडेट आलंय का, एवढं पाहून तो गेम सुरू करून देतो. त्याची खिडकी बहुतेक वेळा आतून एक ब्राउझरच असते. स्टीमच्या आत क्रोमचाच गाभा बसवलेला आहे. क्रोमने जुन्या विंडोजची साथ सोडली, म्हणून १ जानेवारी २०२४ पासून स्टीमनेही विंडोज ७, ८ आणि ८.१ ची साथ सोडली. विंडोज ७ वरचा स्टीम आज नीट चालत नसेल, तर त्यात ना तुमची चूक आहे ना नेटवाल्याची.

‘फॉरमॅट मारला की सगळं सुटतं’

सुटतं, कधीकधी. पण सोबत काय काय जातं ते पाहा. गेमच्या शंभर-शंभर जीबीच्या फाइली जातात, आणि ज्या गेमचं सेव्ह क्लाउडवर जात नाही त्यातली महिनोन्‌महिने खेळून मिळवलेली प्रगतीही जाते. क्लाउड सेव्ह सगळ्याच गेमना असतं, हा आणखी एक गैरसमज. ती सोय द्यायची की नाही हे गेम बनवणारा ठरवतो. विकत घेतलेला गेम मात्र फॉरमॅटने जात नाही. तो पीसीला नाही, खात्याला बांधलेला असतो. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा २०२० साली आलेला ‘राजी’ तुम्ही स्टीमवर घेतला असेल, तर पीसी बदला, हार्ड डिस्क बदला, त्याच खात्याने लॉगिन केलं की तो यादीत दिसणारच.

आयकॉनवर डबल क्लिक केलं, कर्सर क्षणभर फिरला आणि पुढे काहीच नाही, असं झालं तर लाँचर ‘उघडत नाही’ असं आपण म्हणतो. पुष्कळदा तो आधीच उघडलेला असतो आणि मागे कुठेतरी अडकून बसलेला असतो. कंट्रोल-शिफ्ट-एस्केप दाबून टास्क मॅनेजर उघडा, स्टीम आणि स्टीम वेबहेल्पर नावाच्या सगळ्या ओळी ‘एंड टास्क’ करा आणि पुन्हा सुरू करा. ‘मी पीसी बंद करून परत चालू केला की’ हे उत्तर इथे पुरत नाही. विंडोज ८ पासून ‘फास्ट स्टार्टअप’ नावाची सोय आली. ती चालू असेल तर ‘शट डाउन’ करताना विंडोज आपल्या गाभ्याची स्थिती डिस्कवर जपून ठेवतं आणि सकाळी तीच परत उचलतं. अडकलेला ड्रायव्हर त्यामुळे अडकलेलाच उठू शकतो. ‘रिस्टार्ट’ केल्यावर गाभा खरोखर नव्याने सुरू होतो. बंद करून चालू करणं आणि रिस्टार्ट करणं एकच, असं समजणाऱ्यांत पीसी दुरुस्त करणारेही असतात!

त्यानेही भागलं नाही तर लाँचरच्या स्वतःच्या फाइली बिघडल्या असं धरायचं. स्टीमचं फोल्डर सहसा सी ड्राइव्हमध्ये ‘प्रोग्रॅम फाइल्स (एक्स८६)’च्या आत असतं. स्टीम पूर्ण बंद करून त्यातल्या तीन गोष्टी ठेवा: ‘स्टीमॲप्स’ फोल्डर (गेम यात असतात), ‘युजरडेटा’ फोल्डर आणि ‘स्टीम’ ही मूळ प्रोग्रॅम फाइल. बाकीचं काढून टाका आणि ती प्रोग्रॅम फाइल चालवा. स्टीम उरलेलं सगळं स्वतः उतरवून घेतो, गेमना धक्का लागत नाही. याउलट कंट्रोल पॅनेलमधून स्टीम सरळ ‘अनइन्स्टॉल’ केला, तर त्याच फोल्डरमधले गेमही त्याच्यासोबत पुसले जातात. फरक एका क्लिकचा, पण पुन्हा डाउनलोड करायला रात्र जाते. एपिकची खिडकी पांढरी किंवा कोरी दिसत असेल, तर त्याच्या ‘सेव्हड’ फोल्डरमधली ‘वेबकॅश’ नावाने सुरू होणारी फोल्डरं काढली की बहुतेक वेळा काम होतं. शेवटी तोही आतून ब्राउझरच. गेम अर्धवट चालत असेल, तर तो काढून पुन्हा टाकण्याआधी लाँचरमधलं ‘व्हेरिफाय’ वापरावं. ते फक्त बिघडलेला भाग पुन्हा आणतं.

‘यूट्यूब चालतंय, म्हणजे नेट ठीक आहे’

यूट्यूबचे लोकप्रिय व्हिडिओ पुष्कळदा तुमच्या इंटरनेट कंपनीच्याच जागेत ठेवलेल्या गूगलच्या साठ्यातून येतात. म्हणजे यूट्यूब चाललं, तर तुमच्या घरापासून कंपनीपर्यंतची तार ठीक आहे एवढंच सिद्ध होतं. लाँचरचं लॉगिन त्याच्या पुढच्या रस्त्याने जातं, कधी थेट परदेशात. सप्टेंबर २०२५ मध्ये लाल समुद्रात जेद्दाहजवळ समुद्राखालच्या केबल तुटल्या, तेव्हा भारतातही नेटचा वेग मंदावला होता. अशा वेळी परळमधल्या राउटरला दोष देऊन काय उपयोग?

परीक्षा सोपी आहे. मोबाइलचा हॉटस्पॉट सुरू करा, पीसी त्याला जोडा आणि फक्त लॉगिन करून पाहा, डाउनलोड नको. लॉगिन झालं तर दोष घरच्या ब्रॉडबँडमध्ये, राउटरमध्ये किंवा डीएनएसमध्ये. तिथेही तेच रडगाणं असेल तर दोष पीसीत, खात्यात किंवा कंपनीच्या सर्व्हरमध्ये. दोन मिनिटांत अर्धा शोध संपतो. (गणपतीच्या दहा दिवसांत लालबागमध्ये ही परीक्षा घेऊ नका. त्या गर्दीत मोबाइलचं नेटवर्क स्वतःच गुदमरलेलं असतं.) ‘डीएनएस बदल, स्पीड वाढेल’ हेही ऐकू येतं. डीएनएस फक्त नावावरून पत्ता शोधून देतं. पत्ताच सापडत नसेल तर ते बदलल्याने फरक पडेल, तारेची रुंदी मात्र वाढणार नाही.

आणि बुधवारी पहाटे स्टीमचं लॉगिन गेलं तर काहीही करू नका. स्टीमची नेहमीची देखभाल अमेरिकेतल्या मंगळवारी दुपारी होते, तेव्हा आपल्याकडे बुधवारची पहाट असते. झोपा.

‘घड्याळाचा आणि गेमचा काय संबंध?’

खूप आहे. जुन्या पीसीत तर पहिला संशय इथेच घ्यावा. लाँचर आणि सर्व्हर बोलू लागण्याआधी सर्व्हर आपलं सुरक्षा प्रमाणपत्र दाखवतो. त्यावर ‘या तारखेपासून या तारखेपर्यंत वैध’ असं लिहिलेलं असतं. तुमच्या पीसीत तारीख २०१५ ची असेल, तर आजचं प्रमाणपत्र त्याच्या दृष्टीने अजून सुरूच झालेलं नाही. मग लाँचर ‘कनेक्ट होऊ शकत नाही’ म्हणतो आणि घरचे नेटवाल्याला फोन लावतात.

तारीख मागे जाते ती मदरबोर्डवरच्या सेलमुळे. रुपयाच्या नाण्यासारखा दिसणारा सीआर२०३२ हा तो सेल. त्याच्या नावातच मापं आहेत: व्यास २० मिलिमीटर, जाडी ३.२ मिलिमीटर. दाब ३ व्होल्ट. पीसी बंद असला तरी बटण चालू असेपर्यंत मदरबोर्डला थोडी वीज मिळत राहते आणि सेलवर भार येत नाही. पण चाळीत किंवा जुन्या घरांत रात्री झोपताना बोर्डावरचं बटण बंद करायची शिस्त असते. ती चांगलीच आहे, फक्त मग घड्याळ रात्रभर त्या सेलवर चालतं. काही वर्षांत सेल संपतो आणि रोज सकाळी पीसी जुन्या तारखेला जागा होतो. इंटरनेटवरून वेळ आपोआप जुळते खरी, पण फरक फार मोठा असला तर विंडोज दर वेळी स्वतःहून ती सुधारेलच असं नाही. तारीख-वेळेच्या सेटिंगमध्ये जाऊन ‘सिंक नाऊ’ दाबा. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच झालं तर सेल बदला. तो घड्याळजीकडेही मिळतो. बदलताना पीसीची वायर काढून ठेवा आणि जुना सेल कोणत्या बाजूने बसला होता ते आधी बघून घ्या. सेल काढला की बायोसमधली सेटिंगं मूळ स्थितीला जाऊ शकतात, म्हणून त्या पडद्याचा मोबाइलवर एक फोटो काढून ठेवावा.

‘शंभरचं कनेक्शन, आणि स्पीड फक्त बारा’

नेटवाला मेगाबिट सांगतो, स्टीम मेगाबाइट दाखवतो. आठ बिटांचा एक बाइट होतो, म्हणून १०० मेगाबिटच्या तारेवरून सेकंदाला साडेबारा मेगाबाइटच येणार. ६० जीबीचा गेम त्या वेगाने एक तास वीस मिनिटं घेतो. कुणी फसवलेलं नाही. डाउनलोडचा आकडा मध्येच शून्यावर जातो तेव्हाही नेट गेलेलं नसतं. आलेल्या दाबलेल्या फाइली उलगडून डिस्कवर लिहिण्याचं काम त्या वेळी चाललेलं असतं. जुन्या हार्ड डिस्कवर आणि स्वस्तातल्या एसएसडीवर हे जास्त जाणवतं. टास्क मॅनेजरमध्ये डिस्क शंभर टक्क्यांवर दिसली तर राउटर बंद-चालू करत बसू नका.

आता काही छोटे गैरसमज उरकून घेऊ. रॅम काढून खोडरबराने पुसणं हा पडद्यावर काहीच येत नसेल तेव्हाचा उपाय आहे, लाँचरशी त्याचा संबंध नाही. दर वेळी ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ करायचीही गरज नसते. तसं करूनच चालत असेल तर फोल्डरच्या परवानग्या बिघडल्यात. ‘अमुक डीएलएल सापडत नाही’ असा निरोप आला तर ती एकटी फाइल कुठल्यातरी साइटवरून आणू नका. मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी++ रीडिस्ट्रिब्युटेबल फुकट मिळतं, ते टाका. अँटिव्हायरस काढून टाकायचा नाही, त्यात फक्त गेमच्या फोल्डरला सूट द्यायची. पीसीवर कधी क्रॅक केलेली सॉफ्टवेअर टाकली असतील, तर विंडोजची ‘होस्ट्स’ ही फाइल तपासा. क्रॅक पुष्कळदा तिथे ओळी घालून कंपनीच्या सर्व्हरचा रस्ता बंद करतात आणि नंतर विकत घेतलेलं सॉफ्टवेअरही त्याच बंद दारावर आपटतं.

‘व्हॅलोरंट चालत नाही, म्हणजे ग्राफिक कार्ड गेलं’

पडद्यावर ‘व्हॅन ९००१’ किंवा ‘व्हॅन ९००३’ असा आकडा आला असेल तर कार्डाचा खर्च करू नका. रायटची व्हॅनगार्ड ही फसवणूकरोधक यंत्रणा विंडोज ११ वर टीपीएम २.० आणि सिक्युअर बूट मागते. ऑक्टोबर २०२५ मध्ये आलेला बॅटलफील्ड ६ देखील सिक्युअर बूट मागतो. पुष्कळ मदरबोर्डांत टीपीएम असतं, फक्त बंद असतं. बायोसमध्ये इंटेलच्या बोर्डावर ते ‘पीटीटी’ आणि एएमडीच्या बोर्डावर ‘एफटीपीएम’ या नावाने सापडतं. जुन्या पीसीवर जुगाड करून विंडोज ११ टाकलेलं असेल, तर मात्र जी अट विंडोज टाकताना चुकवली तीच इथे पुन्हा आडवी येते.

एक सावधगिरी. डिस्क जुन्या एमबीआर पद्धतीची असताना बायोसमध्ये घाईने सिक्युअर बूट चालू केलं, तर विंडोज उघडायचंच थांबू शकतं. मायक्रोसॉफ्टचं एमबीआर२जीपीटी हे साधन डिस्क न पुसता रूपांतर करतं, पण त्याआधी बॅकअप घ्यावा. बिटलॉकर चालू असेल तर त्याची रिकव्हरी की कागदावर उतरवून ठेवावी. यातलं निम्मं समजलं नाही असं वाटलं, तर हे काम खुशाल दुकानदाराकडून करून घ्या. इथे त्याची मजुरी सार्थकी लागते.

‘सरकारने ऑनलाइन गेम बंद केले ना?’

ऑगस्ट २०२५ मध्ये संसदेने ऑनलाइन गेमिंगचा कायदा केला आणि २२ ऑगस्टला त्यावर राष्ट्रपतींची सही झाली. त्यातली बंदी पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन गेमवर आहे; ई-स्पोर्ट्स आणि मनोरंजनाचे गेम कायद्याने वेगळे धरले आहेत. त्याआधी २ सप्टेंबर २०२० ला जी ११८ ॲप बंद झाली, त्यांत पबजी मोबाइल होतं, पीसीवरचं पबजी नव्हतं. तुमचा लाँचर अडला तो या कारणांनी नाही.

पैसे भरताना अडत असेल तर आधी बँकेचं ॲप उघडा. रिझर्व्ह बँकेच्या नियमांमुळे २०२० पासून नव्या कार्डांवर ऑनलाइन आणि परदेशी व्यवहार मुळात बंद असतात, ग्राहकाने ते स्वतः चालू करायचे असतात. स्टीमवर २०१५ पासून रुपयांत किंमत दिसते, म्हणून तो व्यवहार देशातलाच असेल असं मात्र धरू नका.

शेवटी एक विनंती, विशेषतः आई-वडिलांना. मुलगा चिडलेला असताना नेटवर ‘स्टीम कस्टमर केअर नंबर’ शोधू नका. स्टीमची मदत फोनवर मिळतच नाही. ती त्यांच्या संकेतस्थळावर लेखी तक्रार करूनच मिळते. त्या नावाने जो फोन उचलेल आणि एनीडेस्क (दुरून तुमचा पीसी चालवू देणारं ॲप) टाका म्हणेल, तो तुमच्या बँक खात्यात डोकावायला निघालेला आहे. पैसे गेलेच तर दुकान किंवा लाँचर यांच्या मागे न लागता तासाभराच्या आत १९३० या सायबर हेल्पलाइनला फोन करा.