परिवलनांची कुचंबणा : मजुमदार-घोष शृंखलेचा परिचय

चुंबकत्वाविषयी सर्वसामान्य सुशिक्षिताच्या मनात एक ठरीव चित्र असते. पदार्थातील प्रत्येक अणू हा एक चिमुकला चुंबक. हे चुंबक परस्परांना ओढतात वा ढकलतात आणि अखेर रांगेत उभे राहतात. चित्र सोयीचे खरे. परंतु ते दोन ठिकाणी सदोष आहे. शेजारच्या अणूंमधील निव्वळ चुंबकीय प्रेरणा इतकी क्षीण असते की, एखाद-दुसऱ्या केल्विनाच्या उष्णतेनेही ती रांग मोडावी. प्रत्यक्षात लोखंडाचे लोहचुंबकत्व १०४३ केल्विनपर्यंत टिकते. तेव्हा रांगेचे कारण अन्यत्र शोधले पाहिजे. दुसरा दोष अधिक सूक्ष्म आहे. काही पदार्थांत परिवलनांची रांग मुळी लागतच नाही, आणि तरीही त्यांच्यात पक्की व्यवस्था असते. अशा व्यवस्थेचे एक निर्दोष उदाहरण १९६९ साली मुंबईत गणिताने सिद्ध झाले. त्याचा परिचय करून देणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू होय. लेखक भाषाविज्ञानाचा अभ्यासक आहे. परिभाषेच्या विचारातून तो या विषयाकडे वळला. म्हणून एका शब्दाविषयीची सूचनाही ओघात येईल.

१. सहसंबंध म्हणजे काय?

‘सहसंबंध’ हा शब्द आपल्याला संख्याशास्त्रातून परिचित आहे. इलेक्ट्रॉनांच्या संदर्भात त्याचा अर्थ असा : एका इलेक्ट्रॉनाचे वर्तन इतरांच्या सरासरी प्रभावावरून सांगता येत नाही, इतर इलेक्ट्रॉन त्या क्षणी कोठे आहेत, हे विचारावेच लागते. ऊर्जापट्टांचा सिद्धांत सरासरीवर उभा आहे आणि बहुतेक धातूंच्या बाबतीत तो यशस्वी ठरतो. परंतु १९३७ साली द बूर आणि फेरवे यांनी दाखवून दिले की, निकेल ऑक्साइडासारखी संयुगे या सिद्धांतानुसार विद्युत् संवाहक असावयास हवीत, आणि ती तर निरोधक आहेत. इलेक्ट्रॉनांचे परस्पर अपसारण हे याचे कारण असावे, असे पायर्ल्स यांनी त्याच वेळी सुचविले. मॉट यांनी १९४९ साली ही कल्पना विकसित केली, आणि १९६३ साली हबर्ड यांनी तिला आटोपशीर गणिती रूप दिले.

त्या रूपात दोनच राशी प्रमुख आहेत. एका स्थानी दोन इलेक्ट्रॉन आले तर अपसारणापायी ‘यू’ इतकी ऊर्जा खर्च होते. शेजारच्या स्थानी उडी मारण्याची क्षमता ‘टी’ या राशीने मोजतात. प्रत्येक स्थानी सरासरी एक इलेक्ट्रॉन असून यू पुष्कळ मोठी असेल, तर प्रत्येक इलेक्ट्रॉन आपल्या जागी अडकतो आणि विद्युत्प्रवाह थांबतो. परंतु इलेक्ट्रॉन जागी अडकला म्हणून त्याचे परिवलन अडकत नाही. शेजाऱ्याचे परिवलन विरुद्ध असेल तर इलेक्ट्रॉन क्षणमात्र तेथे डोकावून परत येऊ शकतो, आणि त्यामुळे ऊर्जा थोडी उतरते. परिवलने समांतर असतील तर पाउली यांचे विवर्जन तत्त्व हा मार्ग बंद करते. या फरकातून शेजाऱ्यांमध्ये ‘जे’ ही विनिमय-ऊर्जा उद्भवते. तिचे मूल्य टी च्या वर्गाच्या चौपटीला यू ने भागून मिळते. तात्पर्य, येथे चुंबकत्वाचे मूळ चुंबकीय प्रेरणेत नसून विद्युत् अपसारण आणि विवर्जन यांच्या संयोगात आहे.

२. आलटून-पालटून रचनेची मर्यादा

शेजारी परिवलने विरुद्ध असावीत, असा नियम मिळाल्यावर वर-खाली, वर-खाली अशी रचना सुचणे साहजिक आहे. ही कल्पना नील यांची. शल आणि स्मार्ट यांनी १९४९ साली मँगॅनीज ऑक्साइडावर न्यूट्रॉन-विवर्तनाचा प्रयोग करून तिचा प्रत्यक्ष पुरावा दिला. नील यांना १९७० साली नोबेल पारितोषिक मिळाले.

तथापि पुंजयामिकीच्या दृष्टीने ही रचना अचूक नव्हे. दोनच परिवलने घ्या. एक वर, एक खाली अशा स्थितीची ऊर्जा जे च्या पटीत उणे १/४ असते. परंतु ‘वर-खाली’ आणि ‘खाली-वर’ या दोन स्थितींच्या विशिष्ट संयोगाची ऊर्जा उणे ३/४, म्हणजे कितीतरी खालची असते. या संयोगात एकूण परिवलन शून्य असते. त्याला येथे ‘शून्ययुग्म’ म्हणू. शून्ययुग्मातील कोणत्याही एका परिवलनाला स्वतःची दिशा नसते. दिशा कोणतीही निवडून मापन करा, दोघांची उत्तरे परस्परविरुद्धच येतील. निश्चित असतो तो केवळ संबंध.

त्रिमितीय स्फटिकात प्रत्येक अणूला शेजारी अनेक असल्याने नील यांचे चित्र बरेचसे टिकते. एकमितीय शृंखलेत ते कोसळते. तेथे आलटून-पालटून रचनेची ऊर्जा प्रत्येक परिवलनामागे उणे ०.२५ जे भरते. बेटे यांनी १९३१ साली विकसित केलेल्या पद्धतीने मिळणारे अचूक उत्तर मात्र उणे ०.४४३ जे आहे.

३. ‘कुचंबणा’

आता शृंखलेत आणखी एक अट घालू. पहिल्या शेजाऱ्याप्रमाणेच दुसऱ्या शेजाऱ्याशीही परिवलनाने विरुद्ध असावे. पहिला दुसऱ्याच्या विरुद्ध, दुसरा तिसऱ्याच्या विरुद्ध, म्हणजे पहिला आणि तिसरा समांतर झाले. आणि नवी अट तर त्यांनीही विरुद्ध असावे अशी! सर्वांचे समाधान एकाच वेळी होणे शक्य नाही.

या स्थितीला इंग्रजीतील रूढ शब्दाचे भाषांतर म्हणून कोणी ‘वैफल्य’ म्हणतात. वैफल्यात प्रयत्न फसल्याची भावना आहे. येथे प्रयत्न फसलेला नसून मागण्या परस्परविरोधी आहेत. दोन्हीकडून ओढ असल्याने मधल्यामध्ये होणाऱ्या अवस्थेला मराठीत ‘कुचंबणा’ हा नेमका शब्द आहे. घरातील ज्येष्ठांच्या दोन विरुद्ध आज्ञांमध्ये सापडलेल्या सुनेची कुचंबणा होते; या परिवलनाचीही तशीच. हा शब्द परिभाषेत स्वीकारला जावा, अशी सूचना येथे करावीशी वाटते.

४. मजुमदार-घोष सिद्धांत

मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेतील चंचलकुमार मजुमदार आणि दीपन घोष यांनी १९६९ साली ‘जर्नल ऑफ मॅथेमॅटिकल फिजिक्स’ या नियतकालिकात या शृंखलेविषयी दोन निबंध प्रसिद्ध केले. दुसऱ्या शेजाऱ्याशी असलेली विनिमय-ऊर्जा पहिल्याच्या बरोबर निम्मी असेल, तर शृंखलेची न्यूनतम अवस्था विलक्षण सोपी होते : पहिला-दुसरा, तिसरा-चौथा अशी शून्ययुग्मांची माळ.

याची सिद्धता पदव्युत्तर विद्यार्थ्याला फळ्यावर मांडता येईल. लगतच्या तीन-तीन परिवलनांचे त्रिकोण कल्पा. पहिल्या शेजाऱ्यांचा प्रत्येक बंध दोन त्रिकोणांत येतो, दुसऱ्यांचा एकाच. म्हणून एकूण ऊर्जा ही सर्व त्रिकोणांच्या ऊर्जांची बेरीज होते, आणि प्रत्येक त्रिकोणात तिन्ही बंध सारखेच, निम्म्या जे चे, असतात. अशा त्रिकोणाची ऊर्जा त्याच्या एकूण परिवलनावरच अवलंबून असते. ते १/२ असेल तेव्हा ऊर्जा न्यूनतम, म्हणजे उणे ३/८ जे होते. आता माळेतील कोणतीही तीन लगतची परिवलने घ्या. त्यांत दोन एकाच शून्ययुग्मातील निघतातच. त्यांचे एकत्र परिवलन शून्य, उरलेल्याचे १/२. अर्थात प्रत्येक त्रिकोण आपल्या न्यूनतम ऊर्जेवर आहे. भाग जर सगळेच न्यूनतम असतील, तर बेरीज त्याहून खाली जाऊ शकत नाही. सिद्धता संपली. युग्मे एका घराने सरकवून दुसरी माळ होते. तिची ऊर्जाही तीच. टोके जोडून केलेल्या सम संख्येच्या शृंखलेत अशा दोन न्यूनतम अवस्था मिळतात.

यातून दोन गोष्टी निष्पन्न होतात. कुचंबणेमुळे गोंधळ माजेल अशी अपेक्षा असताना, तिच्यामुळेच दिशेची रांग मोडून युग्मांची व्यवस्था स्थिर झाली. शिवाय, शृंखलेच्या एका भागात पहिली आणि दुसऱ्या भागात सरकवलेली माळ असेल, तर त्यांच्या सीमेवर एक परिवलन जोडीदाराविना उरते आणि ते शृंखलेतून फिरू शकते. येथे इलेक्ट्रॉन जागचा हललेला नसतो. हलते ते केवळ त्याचे परिवलन.

शास्त्री आणि सदरलँड यांनी १९८१ साली या उद्दीपनांचा अभ्यास केला, आणि त्याच वर्षी शून्ययुग्मांचीच न्यूनतम अवस्था असणारी एक द्विमितीय रचनाही मांडली. त्या वेळी ती केवळ गणिती कल्पना होती. १९९९ साली स्ट्रॉन्शियम, तांबे, बोरॉन आणि ऑक्सिजन यांच्या एका संयुगात तांब्याच्या परिवलनांचे जाळे नेमके त्याच प्रकारचे असल्याचे आढळले.

भाषेच्या अभ्यासकाला हे सर्व सर्वस्वी अपरिचित वाटत नाही. भाषेतील घटकाला स्वतंत्र मूल्य नसते, ते इतर घटकांशी असलेल्या संबंधातून येते, असे सोस्यूर यांनी प्रतिपादिले. साम्य येथवरच न्यावे. भाषेतील संबंध संकेताने ठरतात, परिवलनांतील संबंध प्रयोगशाळेत मोजता येतात. परंतु घटक प्रथम आणि संबंध नंतर, हा आपल्या विचाराचा अंगवळणी पडलेला क्रम दोन्हीकडे उलटावा लागतो. शून्ययुग्मातील एकेकट्या परिवलनाविषयी जे जे सांगता येईल, ते सर्व सांगूनही युग्माविषयी काहीच सांगितले जात नाही. फळ्यावर बाणांची रांग काढताना शिक्षकाने एवढे ध्यानात ठेवले, तरी विद्यार्थ्याची पुढील वाट पुष्कळ सुकर होईल.