हॉल की विहार?

डोंबिवलीतल्या आमच्या एका कार्यकर्त्याने मुलीच्या लग्नासाठी एसी हॉल पाहिला. भाडे भरमसाट, केटरर त्यांचाच, रात्री दहाला हॉल रिकामा करायचा. त्यासाठी पतपेढीचे कर्ज! "समाजात दिसायला नको का?" हा त्याचा सवाल. आम्ही म्हणालो, कोळसेवाडीतले आपले विहार आहे, अंगणात मंडप घालू. बाबासाहेब-रमाईंचे लग्न भायखळ्याच्या बाजारात, रात्री बाजार उठल्यावर लागले. माईसाहेबांशी त्यांचा विवाह १५ एप्रिल १९४८ रोजी दिल्लीत, राहत्या घरी, नोंदणी पद्धतीने झाला. तेव्हा ते देशाचे कायदामंत्री होते! मुलीला विचारले. ती म्हणाली, "त्रिसरण-पंचशील मी विहारातच शिकले, तिथेच घेईन." बाप मात्र अजून हॉलच्या अॅडव्हान्सची पावती खिशात घेऊन फिरतो आहे.