२२ हंगामांची आई

करडी गावात मंडईच्या जत्रेनिमित्त नाटक होतं. पत्रकावर नायक-नायिकेपेक्षा मोठा फोटो आईचं काम करणाऱ्या बाईंचा होता. तो बघूनच मी पेंडालमागच्या रंगपटात जाऊन बसलो.

बाई नागपूरच्या. पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टीत नाटकांचा हंगाम दिवाळीपासून होळीपर्यंत. तेवढे महिने त्यांचा मुक्काम वडशाला. बहुतेक नाटक मंडळांची कार्यालयं तिथेच आहेत. दुपारनंतर गाडीत बसायचं, नव्या गावात रात्रभर प्रयोग करायचा, उजाडल्यावर परत. "२२ हंगाम झाले जी," त्या म्हणाल्या.

हातआरसा लोखंडी पेटीला टेकवून त्या कानशिलावरचे केस काजळाने काळे करत होत्या. पहिल्या अंकात आई तरुण असते. "आधी म्हातारी व्हायला पांढरं लावत होती. आता तरणी व्हायला काळं लावते."

सत्कार, भाषणं, नांदी उरकेपर्यंत अकरा वाजले. तिसऱ्या अंकात मुलगा घर सोडून निघतो. तिथे प्रॉम्प्टरचं एक वाक्य बाईंपर्यंत पोचलंच नाही. त्यांनी मुलाच्या सदऱ्याची गुंडी लावायला घेतली. एकच गुंडी, अगदी सावकाश. ऑर्गनवाल्याची नजर त्यांच्या हातांवर होती. त्याने सूर धरून ठेवला. गुंडी लागली, तोवर वाक्य मिळालं. समोर बसलेल्या बायका डोळ्यांना पदर लावत होत्या. असं सावरायला २२ हंगाम लागतात.

एकेकाळी इथे बायकांची कामंही पुरुषच करायचे. मग नागपूरकडून नटी येऊ लागल्या आणि थंडीत, रात्री-अपरात्री प्रवास करत त्यांनी ही रंगभूमी तोलून धरली. २०२३मध्ये इथले नट परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली, तेव्हा अख्ख्या झाडीपट्टीची मान उंचावली. नटींच्या कष्टांचीही तेवढ्याच आदराने दखल घ्यायला हवी.

'अयोध्येचा राजा' चित्रपटातली दुर्गा खोटे यांची तारामती १९३२ची, पण ती आजही पडद्यावर बघता येते. या बाईंच्या पहिल्या हंगामातली भूमिका कुठेच उरलेली नाही. गडचिरोलीत गोंडवाना विद्यापीठ आहे. तिथल्या विद्यार्थ्यांनी एक हंगाम या नटींच्या गाडीतून फिरावं, त्यांच्या भूमिका लिहून घ्याव्यात, प्रयोग चित्रित करावेत. उद्या या रंगमंचावर उभ्या राहणाऱ्या मुलींना ती गुंडी कशी लावली, ते बघून शिकता आलं पाहिजे.