सामाईक फाइली आणि पडद्यावरील मराठी अक्षर

शाळेच्या संगणकावर विद्यार्थ्यांची यादी शुद्ध मराठीत तयार करावी आणि तीच दुसऱ्या संगणकावर उघडताच वेलांट्या सुटलेल्या, जोडाक्षरे मोडलेली दिसावीत, असा अनुभव शिक्षकांना येतो. कधी प्रोग्रॅम सुरूच होत नाही आणि अमुक नावाची ‘डीएलएल’ फाइल सापडत नाही, एवढीच सूचना पडद्यावर उमटते. अशा वेळी यंत्र बिघडले किंवा मजकूर चुकीचा टंकला गेला, असा समज होतो. पुष्कळदा यांपैकी काहीच घडलेले नसते. दोष असतो तो पडद्याआड राबणाऱ्या सामाईक फाइलींच्या व्यवस्थेत. ही व्यवस्था समजून घेतल्यास निष्कारण धावपळ टळेल.

कित्येक गावांत लग्नकार्याची मोठी भांडी गावकीच्या मालकीची असतात. प्रत्येक घराने मोठी पातेली व पराती विकत घेण्याची गरज पडत नाही. ज्याच्या घरी कार्य, त्याने ती न्यावीत. संगणकातही हीच रीत आहे. अक्षरे रेखाटणे, चित्र दाखविणे, खिडकी उघडणे ही कामे बहुतेक सर्व प्रोग्रॅमना लागतात. ती करणाऱ्या सूचना एका फाइलीत लिहून एका ठिकाणी ठेवलेल्या असतात व जो तो प्रोग्रॅम गरजेच्या वेळी त्या फाइलीस पाचारण करतो. फरक इतकाच, की हे भांडे एकाच वेळी अनेकांना वापरता येते. विंडोजमध्ये अशा फाइलीस ‘डायनॅमिक लिंक लायब्ररी’, संक्षेपाने ‘डीएलएल’, म्हणतात. लिनक्समध्ये तिच्या नावात ‘एसओ’ ही अक्षरे असतात. या रीतीने जागा वाचते आणि एक फाइल सुधारली की तिच्यावर विसंबलेल्या सर्व प्रोग्रॅमना लाभ होतो.

देवनागरीला या फाइलींची गरज विशेष आहे. १९९१ साली पहिल्यांदा प्रसिद्ध झालेल्या युनिकोड या संकेतात देवनागरीसाठी १२८ स्थाने राखलेली आहेत. मजकूर साठविला जातो तो उच्चाराच्या क्रमाने. ‘विद्यार्थी’ हा शब्द घ्यावा. संगणकात तो व, ऱ्हस्व वेलांटी, द, हलन्त, य, काना, र, हलन्त, थ, दीर्घ वेलांटी अशा दहा चिन्हांनी साठविलेला असतो. पडद्यावर मात्र पहिली वेलांटी ‘व’च्या आधी यावी लागते, ‘द’ व ‘य’ यांचे जोडाक्षर व्हावे लागते आणि ‘थ’च्या आधी उच्चारलेला ‘र’ रफार होऊन ‘थी’च्या डोक्यावर बसावा लागतो. अक्षरांचे आकार व जुळणीचे नियम फॉन्टमध्ये असतात. ते वाचून प्रत्यक्ष जुळणी करण्याचे काम सामाईक फाइल करते.

विंडोजमध्ये हे काम ‘युनिस्क्राइब’ नावाची लायब्ररी करू लागली आणि २००० साली आलेल्या विंडोज २००० मध्ये देवनागरीची सोय झाली. पुढच्या विंडोज एक्सपीत ही सोय वेगळी निवडून बसवावी लागे. विस्टापासून ती प्रणालीबरोबरच येऊ लागली. ‘हार्फबझ’ ही अशीच मुक्त लायब्ररी असून अँड्रॉइड, फायरफॉक्स व लिब्रेऑफिस तिचा उपयोग करतात.

यावरून दोष ओळखण्याची रीत निघते. अक्षरांच्या जागी रिकाम्या चौकटी दिसल्यास योग्य फॉन्ट नाही, असे समजावे. मराठीऐवजी इंग्रजी अक्षरांची निरर्थक ओळ दिसल्यास मजकूर युनिकोडपूर्व पद्धतीच्या जुन्या फॉन्टमध्ये टंकलेला असण्याचा संभव असतो. अक्षरे ओळखू येतात, परंतु वेलांट्या व जोडाक्षरे विस्कटलेली आहेत, असे असल्यास जुळणी करणारी फाइल जुनी आहे किंवा तो प्रोग्रॅम तिचा उपयोग करीत नाही.

या तिसऱ्या प्रसंगी एक मोह कटाक्षाने टाळावा. पडद्यावर नीट दिसावे म्हणून काहीजण वेलांटी आधी व अक्षर नंतर टंकतात. तेवढ्यापुरते ते बरे दिसते; परंतु मूळ शब्द बिघडतो. मग चांगल्या संगणकावर तेच नाव चुकीचे छापले जाते आणि यादीत शोधू गेल्यास विद्यार्थी सापडत नाही. दोष दाखविणाऱ्या साधनाचा असता शुद्ध मजकुरास हात लावू नये.

‘डीएलएल सापडत नाही’ अशी सूचना आल्यास ती फाइल महाजालावरील कोणत्याही अनोळखी ठिकाणाहून उतरवून घेऊ नये. अशा फाइलीबरोबर घातक प्रोग्रॅम शिरू शकतो, आणि शाळेच्या संगणकात तर मुलांची नावे व जन्मतारखा असतात. तो प्रोग्रॅम त्याच्या मूळ स्थानावरून पुन्हा बसवावा किंवा विंडोज अद्ययावत करून घ्यावी. तसेच जागा मोकळी करण्यासाठी अनोळखी नावाच्या फाइली पुसून टाकू नयेत. गावकीचे पातेले एकाने मोडीत घातले, तर पुढचे प्रत्येक कार्य अडते.

‘वि’ म्हणताना ‘व’ आधी उच्चारायचा, पण लिहिताना वेलांटी आधी काढायची, हे पहिलीतील मूल शिक्षकापाशीच शिकते. संगणकासही तेच शिकवावे लागले आहे. तो धडा ज्या फाइलीत लिहिलेला असतो, ती जपणे हेही शाळेच्या दप्तराची काळजी घेण्यासारखेच काम होय.