भरल्या घरातला एकटेपणा

सुगी आटोपली, भात घरात आले, आणि आमच्या ओळखीचे एक काका दिवसभर ओसरीवर बसून राहू लागले. दोन मुलगे, दोन सुना, चार नातवंडे. घरात पाय ठेवायला जागा नाही. काकू जाऊन दीड वर्ष झाले होते. थोरल्याने बाबांसाठी नवा टीव्ही आणला, धाकट्याने आग्रह करून त्यांना वेळांगणीच्या यात्रेला धाडले. काका जाऊन आले आणि पुन्हा ओसरीवर बसले. ‘‘एवढी माणसे असताना बाबांना कमी काय आहे?’’ असे धाकट्या सुनेने एकदा विचारले. तिच्या बोलण्यात राग नव्हता, काळजी होती.

या प्रश्नाचे उत्तर अमेरिकेतील समाजशास्त्रज्ञ रॉबर्ट वाइस यांनी १९७३ सालच्या आपल्या पुस्तकात दिले आहे. एकटेपणा दोन प्रकारचा असतो, असे ते म्हणतात. ज्याच्यापाशी मन मोकळे करावे असे एक जिवाभावाचे माणूस नसले की येतो तो भावनिक एकटेपणा. बरोबरीचे, कामाचे, थट्टामस्करीचे चारचौघे नसले की येतो तो सामाजिक एकटेपणा. जोडीदाराविना मुले वाढवणारे काही पालक एका मंडळात जात, त्यांचा वाइस यांनी अभ्यास केला. त्यांना मित्र मिळाले, पण आतली पोकळी गेली नाही. उलट, नवऱ्याबरोबर परक्या गावी राहायला गेलेल्या काही स्त्रिया होत्या. नवरा प्रेमळ होता, तरी मैत्रिणी नसल्यामुळे त्या झुरत होत्या.

आपणा शेतकऱ्यांना हे समजायला कठीण नाही. पिकाला नत्र कमी पडले तर पालाश घालून भागत नाही.

काकांच्या घरी नेमके हेच चालले होते. शिवाय बाबांना वाईट वाटेल म्हणून घरात कोणी काकूंचे नावच काढीत नसे. खरे तर अशा माणसाला त्या आठवणी बोलायच्या असतात. त्याच्याजवळ रोज अर्धा तास बसावे, गेलेल्या माणसाविषयी आपण होऊन विचारावे, आणि उपदेश न करता ऐकावे. तेच दुःख भोगलेला एखादा समवयस्क भेटला तर फारच उत्तम.

दुसऱ्या प्रकारचा एकटेपणा आपल्या शिवारात हळूहळू वाढला आहे. पूर्वी लावणी, कापणी सावडीने होई. आज तुमच्या शेतात, उद्या आमच्या. चिखलात उभ्याने गाणी होत, भांडणे मिटत, लग्नेही ठरत. आता टिलर आणि मळणी यंत्र आले. यंत्राने पाठ वाचवली, माझी त्याबद्दल मुळीच तक्रार नाही. पण त्याबरोबर ती संगतही गेली, आणि वीज रात्री येते म्हणून पाणी पाजायला माणूस अंधारात एकटाच जातो. नव्याने लग्न होऊन आलेल्या सुनेचीही हीच गत असते. तिला सासरी प्रेम मिळते, मैत्रीण मिळत नाही.

यावर उपाय म्हणजे ठरलेल्या दिवशी ठरलेले काम चारजणांनी मिळून करणे. बियाणे निवडणे, बांध घालणे, बचत गटाचा हिशेब, गायनमंडळाचा सराव, काहीही चालेल. हातात काम असले की बोलणे आपोआप निघते. नुसते ‘या, बसा, बोला’ म्हटले की माणूस संकोचतो. रविवारी मिस्सा संपताच गाडीला किक मारून जाण्याऐवजी दहा मिनिटे अंगणात थांबलात, तरी पुष्कळ झाले.

हा केवळ मनाचा खेळ समजू नये. २०१० साली अमेरिकेत १४८ अभ्यासांतील तीन लाखांहून अधिक लोकांची माहिती एकत्र करून पाहण्यात आली. ज्यांचे नातेसंबंध घट्ट होते, त्यांची जगण्याची शक्यता सुमारे निम्म्याने अधिक आढळली. जगात सहांपैकी एकजण एकटेपणाने त्रस्त आहे, असे जागतिक आरोग्य संघटनेने २०२५ मध्ये सांगितले.

एक अडचण मात्र ध्यानात ठेवावी. फार दिवस एकटा पडलेला माणूस संशयी होतो. कोणी हसले तर आपल्यालाच हसले, बोलावले नाही तर मुद्दाम टाळले, असे त्याला वाटते. मग तो स्वतःच दार लावून घेतो. शिकागोचे जॉन कॅसिओपो आणि त्यांचे सहकारी यांनी २०११ साली अनेक उपायांचा आढावा घेतला. नुसत्या भेटीगाठी वाढवण्यापेक्षा विचारांची ही खोड सुधारण्याचा अधिक उपयोग होतो, असे त्यांना दिसले. म्हणून दोनदा नकार मिळाला तरी तिसऱ्यांदा बोलवा. आणि आपणच एकटे पडला असाल, तर ‘त्याने मुद्दाम केले’ असे धरण्यापूर्वी त्याला विचारून पाहा.

झोप उडाली, जेवण तुटले, दारू वाढली, ‘आता जगून काय करायचे’ अशी भाषा आली, तर थांबू नका. जीव द्यावासा वाटतो का, असे सरळ विचारा. विचारल्याने तो विचार डोक्यात शिरत नाही. त्याला एकटे सोडू नका, फवारणीचे औषध कुलपात ठेवून किल्ली दुसऱ्याकडे द्या, आणि डॉक्टरांकडे न्या. सरकारच्या टेली-मानस सेवेचा १४४१६ हा फोन रात्रंदिवस विनामूल्य चालतो. मराठीतही बोलता येते.

काका हल्ली दर मंगळवारी पलीकडच्या गावी एका जुन्या मित्राकडे जातात. त्यालाही बायको जाऊन तीन वर्षे झाली आहेत. दोघे एवढे काय बोलता, असे सुनेने विचारले तेव्हा काका म्हणाले, ‘‘थोडे भाताचे, थोडे तुझ्या सासूचे.’’